आधी पेन्सिल, मग छिन्नी

अगं, बाथरूमच्या गळतीसाठी 85 हजारांचा आकडा ऐकून तुला रडू आलं, यात नवल ते काय! खालच्या काकूंच्या छताला ओल आलीय, त्या उठसूट बेल वाजवतायत, आणि तुझी घाई त्या ठेकेदाराला दारातच दिसली. अडला हरी कसा ओळखायचा, हे या लोकांना बरोबर कळतं.

पण मला सांग, पाणी नेमकं कुठून गळतंय ते त्याने पाहिलं का? डाग बघितला आणि म्हणाला, ‘ताई, अख्खं बाथरूम फोडावं लागेल.’ ज्याला फोडण्याचेच पैसे मिळतात, तो दुसरं काय सांगणार?

आजच काकूंकडे जा. डागाच्या कडेने पेन्सिलने रेघ ओढ, शेजारी तारीख लिही. मग दोन-तीन दिवस ते बाथरूम वापरूच नका, कॉक मात्र चालू ठेव. तरीही ओल रेघेबाहेर पसरत गेली, तर संशय भिंतीतल्या नळाच्या लाइनवर. प्लंबरकडून प्रेशर टेस्ट करून घे. पसरायची थांबली, तर नहाणीच्या जाळीत बादलीभर पाणी थेट ओत, फरशी भिजू देऊ नको. लगेच ठिबकायला लागलं, तर ट्रॅपचा सांधा गेलाय. तेवढीच जागा उघडायची. नाहीतर जाळी बंद करून फरशीवर दोन बोटं पाणी दिवसभर साठवून बघ. तेव्हा गळलं, तरी काही वेळा फरशीच्या सांध्यांत इपॉक्सी भरूनही भागतं.

डक्टमधली सामाईक ड्रेनेज लाइन गळकी निघाली, तर खर्च सोसायटीचा. आदर्श उपविधींत तसं लिहिलंय, सेक्रेटरींनी कितीही मान हलवली तरी. आणि ताबा मिळून 5 वर्षं झाली नसतील, तर आधी बिल्डरला लेखी कळव. कामातला दोष असेल तर रेरा कायद्याप्रमाणे त्याने 30 दिवसांत फुकट दुरुस्त करून द्यायचा असतो.

फोडावंच लागलं, तर टेप स्वतः धर. 5 बाय 8 चं बाथरूम म्हणजे फरशी 40 चौरस फूट. भिंतीवर फूटभर वॉटरप्रूफिंग चढवलं तरी आणखी 26. बिलात 100 चौरस फूट लावले, तर ते कुठून आले, ते विचार. ‘बिल नको, जीएसटी वाचेल’ म्हणाला तर अजिबात ऐकू नको. उद्या पुन्हा गळलं तर वॉरंटी कोणत्या कागदावर मागशील?

आणि काढलेले जुने पितळी नळ त्याला उचलू देऊ नकोस हं. मोडीत चांगले पैसे येतात त्यांचे.