डीएलएल फाइल सापडत नाही : पैसे नेमके कशाचे द्यायचे?

तुडीलमध्ये कोकम-काजूच्या पाकिटांवर बारकोडची लेबलं छापणारा बचत गट असो की किराणा दुकान, संगणक अडला की माणूस बहुधा महाडहूनच बोलवावा लागतो. त्याच्या येण्याजाण्याचे आणि कामाचे पैसे रास्त आहेत, ते द्यावेत. पण ‘डीएलएल फाइल गेलीय, विकत आणावी लागेल’ असं कुणी म्हणालं, तर आधी थांबा.

गावकीची मोठी भांडी जशी कार्य असेल त्या घरी जातात, तशी डीएलएल ही अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायची फाइल असते. लेबल छापणारा प्रोग्रॅम सगळी कामं स्वतः करत नाही, काही या फाइलींवर सोपवतो. फाइल जागेवर नसली की तो उघडतच नाही.

सर्वांत नेहमीचा संदेश ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल’ किंवा ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल’ सापडत नाही, असा येतो. या फाइली मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ या संचात येतात. किंमत शून्य रुपये. संच मायक्रोसॉफ्टच्याच संकेतस्थळावरून घ्यावा. तो ३२ आणि ६४ बिट अशा दोन प्रकारांत मिळतो. संगणक ६४ बिटचा असला तरी बारकोडचे बरेच जुने प्रोग्रॅम ३२ बिटचेच असतात, म्हणून दोन्ही टाकून घ्या. एकच टाकून ‘झालं’ म्हणणाऱ्याला दुसऱ्याबद्दल जरूर विचारा.

सुटी डीएलएल देणाऱ्या भलत्यासलत्या साइटवरून फाइल उतरवून ‘सिस्टिम३२’मध्ये टाकू देऊ नका. तिच्यातून व्हायरस येऊ शकतो, शिवाय जागाही चुकते. ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवाव६४’मध्ये. नावं उलटी वाटतात, पण मांडणी तशीच आहे.

हरवलेली फाइल प्रोग्रॅमची स्वतःची असेल, तर मूळ सेटअप पुन्हा चालवावा. त्याआधी अँटिव्हायरसने ती अडकवून ठेवलेली नाही ना, हे बघावं. चोरीच्या, ‘क्रॅक’ केलेल्या प्रोग्रॅममध्ये हे वारंवार होतं आणि दर वेळी नव्याने व्हिजिटचे पैसे जातात. विंडोजच्याच फाइली बिघडल्याची शंका असेल, तर विंडोजमधली ‘एसएफसी’ तपासणी चालवायला सांगा. तीही फुकट असते.

म्हणजे खर्च उरतो तो व्हिजिट आणि मजुरीचा. दर फोनवरच ठरवा. तोच बिघाड पुन्हा आला तर किती दिवस मोफत बघणार, हेही विचारा. १८ टक्के जीएसटी लावत असतील, तर नोंदणी क्रमांक असलेलं बिल घ्या. नोंदणी नसलेल्याला जीएसटी आकारता येत नाही. तक्रार करायची वेळ आली, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.

एका फाइलसाठी ‘फॉरमॅट मारू’ म्हणत असतील, तर सरळ नकार द्या. तो अगदी शेवटचा उपाय. तो करावाच लागला, तर आधी बिलांचा बॅकअप घ्या आणि सॉफ्टवेअरचं लायसन्स कंपनीकडून मोकळं करून घ्या. एकाच संगणकाला बांधलेलं लायसन्स तसंच राहिलं, तर नवं घ्यावं लागू शकतं.

फक्त स्वतःच्या दुकानापुरती लेबलं हवी असतील, तर महागडा प्रोग्रॅम लागतोच असं नाही. ‘झिंट’ मोफत आहे, लिब्रेऑफिसमध्येही ७.३ आवृत्तीपासून बारकोड काढता येतो. माल मोठ्या साखळी दुकानांत जाणार असेल, तर मात्र जीएस१ इंडियाकडून ८९० ने सुरू होणारे क्रमांक घ्यावेत. त्यांची फी वेगळी असते आणि तिचा या फाइलींशी काही संबंध नाही.

२२ जुलै २०२१ च्या पुरात महाडची बाजारपेठ पाण्याखाली गेली होती. असं पुन्हा होऊ शकतं, म्हणून सेटअप, प्रिंटरचा ड्रायव्हर आणि लायसन्सचा क्रमांक एका पेनड्राइव्हवर घेऊन तो घरी, उंच फळीवर ठेवा. क्रमांक वहीतही उतरवा.