घटक ६ : गायिका-अभिनेत्रीची प्रदीर्घ वाटचाल – आशालता वाबगावकर

६.१ उद्दिष्टे

विद्यार्थी मित्रहो, या घटकाच्या अभ्यासानंतर आपल्याला पुढील गोष्टी करता येतील.
• संगीत नाटकातील गायिका-अभिनेत्रीकडून कोणती दुहेरी अपेक्षा असते, हे स्पष्ट करता येईल.
• १९६० नंतरच्या मराठी संगीत रंगभूमीच्या पार्श्वभूमीवर आशालता वाबगावकर यांच्या रंगभूमीवरील कार्याचे स्थान सांगता येईल.
• रंगभूमी आणि पडदा या दोन माध्यमांतील अभिनयाच्या गरजांची तुलना करता येईल.
• एखाद्या कलावंताच्या कारकिर्दीचे मूल्यमापन कोणत्या निकषांवर करावे, हे ठरवता येईल.

६.२ प्रास्ताविक

मागील घटकात आपण १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणल्यापासून बालगंधर्वांच्या काळापर्यंतचा संगीत नाटकाचा इतिहास पाहिला. त्या काळात स्त्रीभूमिका पुरुष नट करीत असत. १९३३ मध्ये ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेच्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात स्त्रियांनी स्त्रीभूमिका केल्या आणि ज्योत्स्ना भोळे यांच्यासारखी गायिका-अभिनेत्री रंगभूमीला लाभली. मात्र १९३१ नंतर बोलपट आला होता. नाटक मंडळ्या कर्जबाजारी होऊन बंद पडत होत्या. स्त्री रंगभूमीवर स्थिरावत होती तेव्हा संगीत नाटकाचे वैभव ओसरू लागले होते.

आशालता वाबगावकर (१९४१–२०२०) यांची कारकीर्द या इतिहासाच्या पुढच्या टप्प्यावर सुरू होते. आज बहुतेक प्रेक्षक त्यांना चित्रपटातील आई, सासू किंवा आजी म्हणून ओळखतात. त्यांनी ‘मत्स्यगंधा’तील सत्यवती गाऊन गाजवली होती, हे अनेकांना ठाऊक नसते. एकाच कलावंताविषयी दोन पिढ्यांच्या मनात दोन वेगळ्या प्रतिमा का असाव्यात, हा या घटकाचा मध्यवर्ती प्रश्न आहे.

६.३ विषय विवेचन

६.३.१ गायिका-अभिनेत्री म्हणजे काय?

संगीत नाटकात पद हे संवादाचेच काम करते. पात्राच्या मनातील भावना बोलण्याच्या मर्यादेपलीकडे गेली, की ते पात्र गाऊ लागते. त्यामुळे संगीत नाटकातील अभिनेत्रीला एकाच वेळी दोन कसोट्यांना उतरावे लागते. राग, ताल आणि लय यांची शिस्त तिने सांभाळली पाहिजे. त्याच वेळी, गाताना ती भूमिकेबाहेर जाता कामा नये. रेवती रुसली असेल, तर तानेतही तो रुसवा उरला पाहिजे.

ही कसोटी वाटते त्याहून अवघड आहे. ऑर्गन आणि तबल्याच्या साथीने पद रंगू लागले, की प्रेक्षागृहातून ‘वन्स मोअर’ येतो. टाळ्या गायिकेला मिळत असतात आणि तोवर नाटकातील प्रसंग थांबलेला असतो. पद संपल्यावर पुढचे वाक्य कोणत्या स्वरात उच्चारायचे, सहकलाकाराकडे कसे वळायचे, थांबलेला प्रसंग पुन्हा कसा हाती घ्यायचा, हे अभिनेत्रीलाच ठरवावे लागते. केवळ गायिका हे करू शकत नाही. केवळ अभिनेत्रीही करू शकत नाही.

६.३.२ जडणघडण आणि रंगभूमीवरील पदार्पण

आशालतांचे मूळ गोव्याचे. गोमंतकाने मराठी संगीताला आणि रंगभूमीला कितीतरी गायक-गायिका दिल्या. त्याच परंपरेत त्यांचे नाव घ्यावे लागते. मुंबई आकाशवाणीवर त्यांनी कोकणी गीते गायिली. आपल्यासारख्या विद्यार्थ्यांच्या दृष्टीने आणखी एक गोष्ट लक्षणीय आहे. नोकरी सांभाळत त्यांनी कला शाखेची पदवी घेतली आणि पुढे मानसशास्त्र या विषयात एम.ए. केले.

मुंबईतील ‘दि गोवा हिंदू असोसिएशन’ या संस्थेने त्यांना रंगभूमीवर आणले. ‘संगीत संशयकल्लोळ’ या गोविंद बल्लाळ देवलांच्या नाटकात त्यांनी रेवतीची भूमिका केली. नवोदित अभिनेत्रीसाठी ही भूमिका सोपी नव्हती, कारण रेवतीच्या प्रत्येक पदामागे बालगंधर्वांच्या गायकीची आठवण उभी असते. जुनी चाल ओळखणारा रसिक समोर बसलेला असताना स्वतःचा आवाज टिकवायचा, हे आव्हान त्यांनी सुरुवातीलाच पेलले. देवलांच्याच ‘शारदा’ आणि ‘मृच्छकटिक’ या नाटकांतही त्यांनी काम केले. पारंपरिक संगीत नाटकाचे वळण त्यांच्या अंगी मुरले ते असे.

६.३.३ ‘मत्स्यगंधा’ : नव्या संगीत नाटकाची नायिका

१९६० च्या सुमारास मराठी संगीत नाटकाचे पुनरुज्जीवन झाले. विद्याधर गोखले यांच्या ‘पंडितराज जगन्नाथ’ (१९६०) सारख्या नाटकांनी प्रेक्षक पुन्हा संगीत नाटकाकडे वळवला. १९६४ मध्ये गोवा हिंदू असोसिएशनने वसंत कानेटकर यांचे ‘मत्स्यगंधा’ सादर केले. संगीत दिग्दर्शन जितेंद्र अभिषेकी यांचे होते. पराशराच्या भूमिकेत रामदास कामत आणि सत्यवतीच्या भूमिकेत आशालता होत्या.

अभिषेकींनी नाट्यपदाच्या स्वरूपात महत्त्वाचा बदल घडवला. पूर्वी लोकप्रिय चालींवर पदे बेतली जात आणि गायक-नट त्यांचा मैफलीप्रमाणे विस्तार करीत. अभिषेकींनी पात्र आणि प्रसंग पाहून स्वतंत्र चाली बांधल्या. पदांचा विस्तार आटोपशीर ठेवला. परिणामी गायिकेला स्वतःची गायकी दाखवण्यासाठी मिळणारा अवकाश कमी झाला आणि पात्राची मनःस्थिती थोडक्या स्वरांत उभी करण्याची जबाबदारी वाढली.

आशालतांच्या वाट्याला आलेल्या पदांपैकी दोन विशेष गाजली. त्यांपैकी एक बालकवींच्या कवितेचे आहे. यमुनेकाठचे रान आणि त्यात काहीतरी शोधणारी तरुणी, असे त्यातील चित्र. दुसऱ्या पदात जीवनातील कलह निरर्थक वाटू लागल्याची खंत आहे. पहिल्यात कोवळे कुतूहल आहे, दुसऱ्यात विरक्तीला टेकलेला कडवटपणा. नावेवरची कोळ्याची मुलगी ते हस्तिनापूरची राणी हा सत्यवतीचा प्रवास प्रेम, अवहेलना, महत्त्वाकांक्षा आणि पश्चात्ताप यांतून जातो. ही दोन पदे त्या प्रवासाची दोन टोके दाखवतात. एकाच आवाजाने दोन्ही टोके विश्वसनीय करणे, हे आशालतांच्या सत्यवतीचे यश मानावे लागेल. पुढे त्यांनी आपल्या आठवणींच्या पुस्तकाला ‘गर्द सभोवती’ हे नाव दिले. ते या पहिल्या पदावरूनच घेतलेले आहे. चित्रपटांतून घराघरांत पोहोचल्यानंतरही स्वतःची ओळख त्यांनी कोणत्या भूमिकेशी जोडली, हे त्यावरून कळते.

येथे क्षणभर थांबा आणि विचार करा : आपण ऐकलेल्या एखाद्या नाट्यपदात गायकाचे कौशल्य अधिक जाणवते की पात्राची अवस्था?

६.३.४ रंगभूमीकडून पडद्याकडे

‘मत्स्यगंधा’, ‘ययाति आणि देवयानी’ (१९६६), ‘कट्यार काळजात घुसली’ (१९६७) यांनी निर्माण केलेली लाट पुढे त्याच जोमाने टिकली नाही. गाणारे नट, वादक आणि तालमीसाठी लागणारा वेळ यांमुळे संगीत नाटकाचा खर्च मोठा असतो. गद्य नाटकांची व्यावसायिक बाजू त्या मानाने सोपी होती. आशालतांनी ‘रायगडाला जेव्हा जाग येते’ सारख्या गद्य नाटकांतही भूमिका केल्या. गाण्याचा आधार नसतानाही रंगमंचावर उभे राहता येते, हे त्यांनी या नाटकांतून सिद्ध केले.

बासू चॅटर्जी यांच्या ‘अपने पराये’ (१९८०) या हिंदी चित्रपटाने त्यांच्यापुढे नवे दालन उघडले. शरच्चंद्र चट्टोपाध्याय यांच्या कथेवर आधारलेल्या या कौटुंबिक चित्रपटात उत्पल दत्त, शबाना आझमी, अमोल पालेकर अशा कसलेल्या कलावंतांसमोर त्यांनी घरातील मोठ्या जावेची भूमिका केली. त्यानंतर ‘वो सात दिन’ (१९८३), ‘अंकुश’ (१९८६) असे हिंदी आणि ‘उंबरठा’ (१९८२), ‘माहेरची साडी’ (१९९१) असे मराठी चित्रपट त्यांच्या नावावर जमा होत गेले. दूरचित्रवाणी मालिकांतही त्या दीर्घकाळ दिसल्या.

पडद्यावर त्यांच्या वाट्याला मुख्यतः आई, सासू, आजी अशा भूमिका आल्या. पहिल्या चित्रपटाच्या वेळी त्यांचे वय चाळिशीच्या आतबाहेर होते. त्या वयातील अभिनेत्रीसाठी हिंदी आणि मराठी चित्रपटांत नायिकेची जागा जवळजवळ नव्हतीच. याच वयाच्या पुरुष नटांना मात्र नायकाच्या भूमिका मिळत होत्या. कारकिर्दीचा अभ्यास करताना कलावंताची निवड आणि व्यवसायाने लादलेली मर्यादा यांत फरक करावा लागतो, तो या कारणासाठी.

६.३.५ हरवलेला आवाज, उरलेली शिस्त

चित्रपटात पार्श्वगायनाची पद्धत रूढ झाल्यावर गाणारा आणि दिसणारा वेगळे झाले. एन. चंद्रा दिग्दर्शित ‘अंकुश’मधील प्रार्थना या दृष्टीने अभ्यासण्यासारखी आहे. पडद्यावर ही प्रार्थना आजी आणि नात म्हणतात. आजी आहेत आशालता. गाण्याचे स्वर मात्र पुष्पा पागधरे आणि सुषमा श्रेष्ठ यांचे आहेत. ज्या अभिनेत्रीला एकेकाळी गाण्यासाठीच भूमिका मिळाली, ती येथे दुसऱ्याच्या स्वरांवर ओठ हलवते.

ही घटना केवळ खंत म्हणून पाहणे अपुरे ठरेल. तो प्रसंग पुन्हा पाहा. श्वास कुठे घ्यायचा, ओळीचा शेवट कुठे होतो, चेहऱ्यावरील भाव स्वराबरोबर कसा संथपणे पुढे सरकतो, या गोष्टी गाणाऱ्या व्यक्तीला शरीरानेच ठाऊक असतात. संगीत नाटकाने दिलेली लयीची जाण संवादातही उपयोगी पडते. सलग वाक्य बोलताना दम न लागणे, शब्दाचा शेवटचा अक्षरभागही स्पष्ट पोहोचवणे, विरामाचा अर्थ ओळखणे, हे सारे त्या शिस्तीतून येते. आशालतांच्या साध्यासुध्या वृद्ध भूमिकांतही ते जाणवते.

मात्र दुसरी बाजू नाकारता येत नाही. रंगभूमीवरील गायन प्रयोगाबरोबर संपते. ध्वनिमुद्रित झाली तेवढी पदे राहिली. गातानाचा अभिनय, प्रेक्षकांचा प्रतिसाद, प्रसंग पुन्हा हाती घेण्याचे कौशल्य त्या त्या रात्रीपुरतेच होते. चित्रपट उपलब्ध असतात म्हणून त्यांतील भूमिका आठवतात. उपलब्ध पुराव्यावरच कारकिर्दीचे मूल्य ठरवले, तर रंगभूमीवरील कलावंतावर नेहमीच अन्याय होईल. म्हणूनच अभ्यासकाने नाट्यसंहिता, ध्वनिमुद्रिका, परीक्षणे आणि कलावंतांची आत्मपर लेखने एकत्र ठेवून वाचावी लागतात.

६.३.६ अखेरचा टप्पा

आशालता वयाच्या ऐंशीच्या उंबरठ्यापर्यंत काम करीत राहिल्या. ‘आई माझी काळुबाई’ या मालिकेच्या सातारा परिसरातील चित्रीकरणाच्या काळात त्यांना करोनाची लागण झाली आणि २२ सप्टेंबर २०२० रोजी सातारा येथे त्यांचे निधन झाले. टाळेबंदीनंतर चित्रीकरण नुकतेच पुन्हा सुरू झाले होते. त्यांच्या निधनाकडे ‘अखेरपर्यंत कलेची सेवा’ म्हणून आदराने पाहिले जाते, आणि तो आदर योग्यच आहे. पण मराठी अभिनय-व्यवसायात ज्येष्ठ कलावंतांची सुरक्षितता, निवृत्ती आणि आर्थिक आधार यांची काय व्यवस्था आहे, हा प्रश्नही या घटनेतून पुढे येतो. गौरवाच्या भाषेत तो झाकला जाऊ नये.

६.४ समारोप

या घटकात आपण आशालता वाबगावकर यांची वाटचाल तीन टप्प्यांत पाहिली : पारंपरिक संगीत नाटकातील रेवती, नव्या संगीत नाटकातील सत्यवती आणि पडद्यावरील आई-आजी. या वाटचालीत माध्यम बदलले, भूमिकांचे स्वरूप बदलले आणि त्यांचे मुख्य साधन असलेला गाता आवाज मागे पडला. त्या आवाजाने घडवलेली लय आणि शब्दोच्चाराची शिस्त मात्र शेवटपर्यंत त्यांच्या अभिनयात राहिली. दीर्घ कारकीर्द म्हणजे वर्षांची आणि चित्रपटांची बेरीज नव्हे. परिस्थितीने जे हिरावले आणि कलावंताने जे राखले, त्या दोहोंचा हिशेब मांडला तरच तिचे मोल कळते.

६.५ पारिभाषिक शब्द

नाट्यपद : नाटकातील पात्राने प्रसंगानुरूप गायलेले गीत.
वन्स मोअर : पद पुन्हा गाण्यासाठी प्रेक्षकांनी केलेली मागणी.
शब्दफेक : संवाद शेवटच्या प्रेक्षकापर्यंत अर्थासह पोहोचवण्याची उच्चारपद्धती.
पार्श्वगायन : पडद्यावरील नटासाठी दुसऱ्या गायकाने दिलेला स्वर.

६.६ स्वाध्याय

अ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१. आशालता वाबगावकर यांना कोणत्या संस्थेने रंगभूमीवर आणले?
२. ‘मत्स्यगंधा’चे संगीत दिग्दर्शक कोण होते?
३. ‘गर्द सभोवती’ हे पुस्तकाचे नाव कशावरून घेतले आहे?

आ) सुमारे शंभर शब्दांत उत्तरे लिहा.
१. जितेंद्र अभिषेकी यांनी नाट्यपदाच्या स्वरूपात कोणता बदल केला? त्याचा गायिका-अभिनेत्रीच्या कामावर काय परिणाम झाला?
२. पार्श्वगायनामुळे गाणाऱ्या अभिनेत्रीचे काय हरवते आणि काय उरते, ते ‘अंकुश’मधील प्रार्थनेच्या आधारे सांगा.

इ) सुमारे तीनशे शब्दांत उत्तर लिहा.
१. ‘कलावंताची निवड आणि व्यवसायाची मर्यादा यांत फरक करावा लागतो.’ या विधानाची आशालता वाबगावकर यांच्या कारकिर्दीच्या आधारे चर्चा करा.

६.७ क्षेत्रीय कार्य

आपल्या घरातील किंवा परिसरातील एखाद्या ज्येष्ठ रसिकाने संगीत नाटकाचा प्रयोग प्रत्यक्ष पाहिला असेल. त्यांना भेटून नाटकाचे नाव, प्रयोगाचे ठिकाण, लक्षात राहिलेले पद आणि ते लक्षात राहण्याचे कारण यांची नोंद करा. आपल्या नोंदी अभ्यासकेंद्रावरील समंत्रकांना दाखवून त्यांच्याशी चर्चा करा. ज्या प्रयोगांचे चित्रण झाले नाही, त्यांच्यासाठी अशा आठवणी हेच साधन उरते.