फिर्यादीची गैरहजेरी आणि फौजदारी प्रकरणांचा निकाल

उद्दिष्टे
या पाठाच्या अभ्यासानंतर आपल्याला
• ‘निर्दोष मुक्तता’ व ‘आरोपमुक्ती’ या संज्ञांतील भेद सांगता येईल;
• तक्रार व अपील यांबाबतचे वेगवेगळे नियम स्पष्ट करता येतील.

प्रास्ताविक
समजा, गोंदिया जिल्ह्यातील बिरसी येथील एका धान उत्पादकाला मिळालेला धनादेश वटला नाही. त्याने परक्राम्य संलेख अधिनियम, १८८१ च्या कलम १३८ नुसार गोंदियाच्या न्यायालयात तक्रार दाखल केली. रोवणीच्या दिवसांत तो तारखांना गेला नाही. वकीलही उपस्थित नव्हते. अशा तक्रारीचे पुढे काय होते?

विवेचन
हा समन्स खटला आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ (अंमल १ जुलै २०२४ पासून) हिच्या कलम २७९ नुसार फिर्यादीस हजर राहण्यासाठी तीस दिवसांची मुदत द्यावी लागते. त्यानंतरही तो न आल्यास, सुनावणी पुढे ढकलण्यास योग्य कारण नसेल, तर दंडाधिकारी आरोपीची निर्दोष मुक्तता करतो. पूर्वीच्या १९७३ च्या संहितेतील कलम २५६ मध्ये अशी मुदत नव्हती. वकील हजर असल्यास किंवा फिर्यादीची जातीने उपस्थिती आवश्यक नसल्यास त्याला गैरहजेरीची सूट देता येते. हा अधिकार यांत्रिकपणे वापरू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने ‘असोसिएटेड सिमेंट कंपनी विरुद्ध केशवानंद’ (१९९८) या प्रकरणात सांगितले.

येथे शब्दाचे वजन लक्षात घ्यावे. ‘निर्दोष मुक्तता’ झाली की त्याच अपराधासाठी पुन्हा खटला चालत नाही. तक्रारीवरून चाललेल्या वॉरंट खटल्यात मात्र, अपराध आपसात मिटवण्याजोगा किंवा अदखलपात्र असल्यास, आरोप निश्चित होण्यापूर्वी कलम २७२ नुसार ‘आरोपमुक्ती’ होऊ शकते. ती निर्दोष मुक्तता नव्हे. निकाली काढलेली तक्रार तोच दंडाधिकारी पुन्हा फाइलवर घेऊ शकत नाही. फिर्यादीला वरिष्ठ न्यायालयातच दाद मागावी लागते.

अपिलाचा नियम निराळा आहे. शिक्षा झालेल्या व्यक्तीचे अपील केवळ वकील आला नाही म्हणून फेटाळता येत नाही. ‘बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य’ (१९९६) या निर्णयाने न्यायालयावर अभिलेख वाचून गुणदोषांवर निकाल देण्याचे बंधन घातले आणि १९८७ चा ‘राम नरेश यादव’ प्रकरणातील विरुद्ध निर्णय चुकीचा ठरवला. अपीलकर्ता तुरुंगात असल्यास न्यायालय शासकीय खर्चाने वकील नेमू शकते. तक्रारीत आरोपीला अनिश्चित काळ टांगून ठेवणे अन्यायाचे, तर अपिलात वकिलाच्या चुकीपायी अशिलाचे स्वातंत्र्य जाणे अन्यायाचे. दोन्ही नियमांमागे हा विचार आहे.

सारांश
गैरहजेरीने तक्रार संपू शकते. अपील मात्र गुणदोषांवरच निकाली निघते.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न
१. ‘निर्दोष मुक्तता’ व ‘आरोपमुक्ती’ यांतील फरक लिहा.
२. बिरसीच्या फिर्यादीने आपली तक्रार टिकवण्यासाठी काय करायला हवे होते?