'फँड्री' बघताना आपण का हसलो?

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली. मराठी सिनेमा म्हणजे टीव्हीवर लागणारे विनोदी चित्रपट, एवढीच माझी समजूत! पण आपल्याच पुण्यात, लॉ कॉलेज रोडवर आज एफटीआयआय आहे तिथे 'प्रभात'चा स्टुडिओ होता. तिथे १९३७ साली व्ही. शांतारामांनी 'कुंकू' काढला. म्हाताऱ्या वकिलाशी फसवून लग्न लावलेली नीरा त्याला नवरा मानायला साफ नकार देते. असे जरठविवाह त्या काळी सर्रास होत. आज आपण 'किती वाईट होते ते लोक' म्हणून मोकळे होतो.

नागराज मंजुळेंच्या 'फँड्री'त (२०१३) ही सोय नाही. फँड्री हा कैकाडी शब्द, अर्थ डुक्कर. जब्याच्या घरात कैकाडी बोलतात, गावाशी मराठी. गावाने सांगितलं की डुकरं धरायची. डुक्कर अगदी हाताशी येतं आणि शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. सगळे जागच्या जागी उभे. डुक्कर पसार!

हॉस्टेलवर हा सिनेमा लावला तेव्हा या पकडापकडीत जाम हशा पिकला. मीपण हसले. मग लक्षात आलं, पडद्यावर गावकरीही असेच हसतायत, जब्याला आवडणारी शालूसुद्धा. आमच्यातली एक मात्र हसली नव्हती. तिला आम्ही पहिल्याच दिवशी आडनाव विचारून घेतलं होतं.

शेवटी जब्या दगड भिरकावतो, तो थेट कॅमेऱ्याच्या दिशेने. लाइट लागले तेव्हा ती उठून गेलेली. तिच्याशी बोलायचं अजून राहिलंय.