उपघटक ३.४ : युद्धेतिहासातील कर्ता – ब्रूस कॅटन यांची ग्रंथत्रयी

उद्दिष्टे
हा उपघटक अभ्यासल्यानंतर आपणांस
१. कॅटन यांच्या ग्रंथत्रयीचा परिचय करून देता येईल.
२. इतिहासकथनातील वाक्यरचना आणि उत्तरदायित्व यांचा संबंध स्पष्ट करता येईल.

३.४.१ परिचय
अमेरिकेतील यादवी युद्ध (१८६१–६५) हे उत्तरेकडील संघराज्य आणि गुलामगिरी टिकवण्यासाठी फुटून निघालेली दक्षिणेकडील राज्ये यांच्यात झाले. उत्तरेच्या 'आर्मी ऑफ द पोटोमॅक' या सैन्याचा इतिहास कॅटन (१८९९–१९७८) यांनी 'मिस्टर लिंकन्स आर्मी' (१९५१), 'ग्लोरी रोड' (१९५२) आणि 'अ स्टिलनेस अ‍ॅट अ‍ॅपोमॅटॉक्स' (१९५३) या तीन ग्रंथांत लिहिला. तिसऱ्या ग्रंथास १९५४ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. कॅटन मूळचे पत्रकार. मिशिगनमधील त्यांच्या बालपणीच्या गावात या युद्धातून परतलेले वृद्ध सैनिक राहत असत. त्यांच्या आठवणी ऐकतच ते वाढले.

३.४.२ कथनाचा कर्ता
लष्करी अहवालांत सैन्य 'हलवले जाते' आणि तुकड्या 'खर्ची पडतात'. कॅटन यांनी अहवालांबरोबरच सैनिकांची पत्रे, रोजनिशा आणि पलटणींचे इतिहास वापरले. त्यामुळे त्यांच्या वाक्यांत कर्त्याच्या स्थानी सामान्य शिपाई येतो.

पीटर्सबर्गचा प्रसंग पाहा. १८६४ मध्ये पेनसिल्व्हेनियाच्या ४८ व्या पलटणीने शत्रूच्या मोर्चाखाली ५०० फुटांहून लांब भुयार खणले. या पलटणीत कोळसा खाणींतील अनेक कामगार होते. अनुभवी अभियंत्यांनी अशक्य ठरवलेले काम त्यांनी केले. ३० जुलै रोजी सुरुंग उडाला. पुढील हल्ल्यासाठी कृष्णवर्णीय सैनिकांच्या विभागाला प्रशिक्षण मिळाले होते, परंतु आदल्या दिवशी सेनापती मीड यांनी त्याला मागे ठेवले आणि ग्रँट यांनी त्यास संमती दिली. नवा विभाग चिठ्ठ्या टाकून निवडला गेला. त्याचा प्रमुख लेडली मागे निवाऱ्यात थांबला आणि शिपाई स्फोटाच्या खड्ड्यात अडकले. कृष्णवर्णीय सैनिकांना उशिरा पुढे धाडले, तेव्हा शरण आलेल्यांपैकीही अनेकांना दक्षिणेच्या सैनिकांनी ठार केले. उत्तरेची एकूण हानी सुमारे ३,८०० होती.

आता 'योजनेत बदल करण्यात आला व मोठी हानी झाली' हे वाक्य पाहा. ते व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहे आणि खोटेही नाही. मात्र खणणारा, बदलणारा, लपणारा आणि मरणारा असे चारही जण त्यातून नाहीसे होतात. कर्ता लोपला की उत्तरदायित्वही लोपते.

३.४.३ शेवट
त्रयी जेथे थांबते ते स्थळही अर्थपूर्ण आहे. ९ एप्रिल १८६५ रोजी ली यांनी ग्रँट यांच्यापुढे शरणागती पत्करली. कॅटन मात्र त्या दालनात शिरत नाहीत. ग्रँट अजून वाटेवर आहेत, दोन्ही सैन्ये स्तब्ध आहेत आणि एक वाद्यवृंद जुन्या मैत्रीच्या गाण्याची धून वाजवतो आहे. येथेच ग्रंथ संपतो. अखेरचे स्थान तहनाम्याला मिळत नाही, ते वाट पाहणाऱ्या माणसांना मिळते.

समारोप
प्रयोगाची निवड हा केवळ शैलीचा प्रश्न नाही. कोणाचे कर्तृत्व आणि कोणाचा दोष नोंदवला जावा, याचा तो निर्णय असतो.

स्वयं-अध्ययन प्रश्न
१. वरील उदाहरणाच्या आधारे कर्तृलोपाचा परिणाम स्पष्ट करा.
२. 'भाऊसाहेबांची बखर' मधील कोणताही एक युद्धप्रसंग निवडून त्यातील वाक्यांचे कर्ते नोंदवा. सामान्य शिपाई किती वेळा कर्ता होतो?