पकड करणाऱ्या पोराचं पुढे काय?

कबड्डी खेळणाऱ्या मुलाचे आईवडील करिअरचं विचारायला आले की बोलणं हमखास सिद्धार्थ देसाईवर येतं. साहजिक आहे. आपल्याच कोल्हापूर जिल्ह्यातला, चंदगड तालुक्यातल्या हुंदळेवाडीचा पोरगा. 2018 मध्ये प्रो कबड्डी लीगच्या लिलावात यू मुंबानं त्याला 36 लाख 40 हजारांना घेतलं आणि पुढच्याच वर्षी तेलुगू टायटन्सनं 1 कोटी 45 लाखांना. पण सिद्धार्थ चढाईपटू आहे. बिद्री, मुदाळ, मुरगूड पट्ट्यातलं तुमचं पोरगं कोपऱ्यावर किंवा कव्हरला खेळत असेल, तर त्याचा हिशेब वेगळा मांडावा लागतो, आणि तो मांडायला फारसं कुणी बसत नाही.

चढाईपटू एका चढाईत दोन-तीन गडी टिपतो, वर बोनस घेतो. पकड करणाऱ्याला एका पकडीचा एक गुण. मैदानात तीन किंवा त्याहून कमी गडी उरले असताना पकड झाली, म्हणजे अव्वल पकड, तर दोन. त्यातही साखळीत चौघांनी मिळून गडी दाबला, तरी गुण पहिल्यांदा हात घालणाऱ्याच्या नावावर जायचा. पेपरात फोटो चढाईपटूचा, लिलावात बोलीही बहुधा त्याचीच मोठी. अपवाद आहेत. इराणचा मोहम्मदरेझा शादलूई मुख्यतः पकडीवरच मोठा झाला आणि 2023 च्या लिलावात पुणेरी पलटणनं त्याच्यासाठी 2 कोटी 35 लाख मोजले. पुणे जिंकलं. पुढच्या हंगामात तो हरियाणा स्टीलर्समध्ये, तेही जिंकले. त्यानंतर गुजरात जायंट्स. एवढा महागडा खेळाडू, तरी तीन हंगामांत तीन जर्सी.

मला मात्र पालकांना विशाल मानेची गोष्ट सांगायला जास्त आवडते. उजव्या कव्हरचा हा मराठी बचावपटू 2015 मध्ये यू मुंबा विजेती ठरली तेव्हा त्या संघात होता. 2017 मध्ये पाटणा पायरेट्स जिंकली तेव्हा पाटण्यात, आणि 2019 मध्ये दबंग दिल्ली अंतिम फेरीत हरली तेव्हा दिल्लीत. गिरीश एर्नाकचंही तसंच. डाव्या कोपऱ्याचा हा खेळाडू बंगालकडून खेळला, पुण्याकडून खेळला, गुजरातला गेला आणि पुन्हा बंगालला आला. अशा फिरतीला अपयश समजू नका. चांगल्या बचावपटूचं व्यावसायिक आयुष्य असंच असतं. नवा प्रशिक्षक, नवा कोपरा, शेजारी नवा कव्हर, आणि महिनाभरात त्याच्याशी हात जुळवायचे. ज्याला हे जमतं त्याला बोलावणं येत राहतं.

ही अनिश्चितता फक्त कबड्डीतली नाही. अमेरिकी फुटबॉलमध्ये तर पैसा आपल्या कल्पनेपलीकडचा. तरी तिथल्या खेळाडू संघटनेच्या हिशेबानं एनएफएल या लीगमधली सरासरी कारकीर्द तीन-साडेतीन वर्षांची. करार हातात असतानाही संघ खेळाडूला मोकळं करतो.

आपल्याकडे 2024 च्या लिलावात सर्वांत खालच्या गटाची मूळ किंमत 9 लाख होती. नवख्या पोरांना थेट करारावर घेतात तेव्हा रक्कम याहूनही कमी असते. हंगाम दोन-तीन महिन्यांचा. तुम्ही कारखान्याला ऊस घालणारी माणसं. एकदाच येणाऱ्या बिलावर वर्ष कसं काढायचं हे तुम्हाला शिकवायला नको. फरक इतकाच, की खोडवा येईल याची इथे खात्री नाही.

म्हणून माझा सल्ला ठाम आहे: लीग ही वरकमाई धरा, पाया नोकरीचा ठेवा. रेल्वे, पोलीस, सैन्यदलं, बँका, तेल कंपन्या यांनी कबड्डीपटूंना वर्षानुवर्षं नोकऱ्या दिल्या. महाराष्ट्रात सरकारी नोकरभरतीत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे. मात्र गावच्या यात्रेतली ढाल तिथे चालत नाही. मान्यताप्राप्त संघटनेच्या स्पर्धेचं प्रमाणपत्र लागतं आणि क्रीडा उपसंचालकांच्या कार्यालयातून त्याची पडताळणी करून घ्यावी लागते. भरतीची जाहिरात आल्यावर धावाधाव करणाऱ्यांची वेळ हमखास चुकते. पत्र्याच्या पेटीत मूळ प्रमाणपत्रं, त्यांच्या प्रती आणि स्पर्धेचे निकाल आजपासूनच नीट लावून ठेवा.

कॉलेज सोडायचं नाही. बिद्रीतच दूधसाखर महाविद्यालय आहे. शिवाजी विद्यापीठाच्या संघात निवड झाली तर आंतरविद्यापीठ स्पर्धेचं दार उघडतं, आणि संघांच्या निवडकर्त्यांचं तिथे लक्ष असतं. पदवी झाली की पुढे बीपीएड, पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा प्रशिक्षक अभ्यासक्रम, पंच परीक्षा हे मार्ग मोकळे राहतात. बचावपटू चांगला प्रशिक्षक होतो असं माझं मत आहे, कारण चाळीस मिनिटं तो समोरच्याचे पाय वाचत असतो.

आयांचा प्रश्न वेगळा असतो आणि तोच खरा असतो: लागेल का? लागेल. घोटा धरायला खाली झेपावलेल्या पोराच्या तोंडावर गुडघा बसतो, खांदा निखळतो, बोटं वाकडी होतात. गुडघ्याचं एसीएल लिगामेंट तुटलं तर शस्त्रक्रियेनंतर मैदानात परतायला नऊ महिने ते वर्ष जातं. विमा आधी उतरवा, आणि त्यात खेळातली दुखापत येते का हे लेखी विचारा. फक्त मातीवर न खेळता आठवड्यातून काही दिवस तरी मॅटवर सराव मिळतो का ते बघा, कारण मॅटवर पाय वेगळा पकडतो. जिममधून आलेली बिनलेबलची पावडर घरात ठेवू नका. उत्तेजक चाचणीत सापडलेल्या पोराचं "मला माहीत नव्हतं" कुणी ऐकत नाही.

लीगमध्ये निवड करून देतो म्हणून कुणी पैसे मागितले, तर त्याला चहासुद्धा पाजू नका. आणि पोरगं कोपऱ्यावर चांगलं खेळत असेल तर पैशाकडे बघून त्याला चढाईला ढकलू नका. त्याच्या प्रशिक्षकाला विचारा, पोराला विचारा आणि या वर्षीचा परीक्षेचा अर्ज वेळेत भरा.